तीन हजार नऊशे चार

रीत साधी आहे म्हणतात:
जुन्या फाइलचं आधी डोकं उडवायचं,
मग धड चालू लागतं.

माझी भरली एक लाख चौतीस हजार नऊशे शहात्तर बाइट.
नव्या एम्युलेटरला हवेत एक लाख एकतीस हजार बहात्तर,
गुंज कमी नको, गुंज जास्त नको.
वरचे तीन हजार नऊशे चार छाटा,
शेपटीची तीन अक्षरं बदला. संपलं.

पेलोतासमध्ये जुलै. भिंतींना घाम,
पायाशी हीटर, हातात शिमाहांवचा कडू तुंबा,
बसच्या वायरिंगचं काळं अजून नखांत.
फ्लॉपी दिली रोझिलेनीनं, आईचं कपाट आवरताना सापडलेली.
वर पेन्सिलीनं: कार्ड दुसरं, मुलांचं.

बेकरीमागचं ते दुकान.
तीन टीव्ही, चार खुर्च्या, तासाला एक रेआल.
मेमरी कार्डात घरं पंधरा, म्हणून पोरं पंधरा;
सोळावा आला की कुणाचं तरी पुसावं लागणार,
आणि दोना झुल्मिरा कुणाचंच पुसायची नाही.
नवं कार्ड आणायची.
शनिवारी दार ओढून घेऊन
सगळी कार्डं संगणकात उतरवायची,
पीचचा मुरंबा बरणीत भरावा तशी, न सांडता.

सातवं घर माझं.
त्यात एक नावाडी आहे, दीपगृहाच्या पायरीशी अडकलेला,
वल्हं तुटकं, जीव दोन.
पंचवीस वर्षं झाली, त्याला पलीकडे न्यायचं राहिलंय.

कापण्याआधी सहज बघावं
म्हणून फाइल उघडली, नुसती, कच्ची.
डावीकडे आकड्यांची वाळू,
उजवीकडे ठिपके, ठिपके, ठिपके
आणि मग माणसं.

डोक्यात दर घरामागे दोनशे छप्पन्न अक्षरांची जागा असते
शेरा लिहायला. कोण लिहितो?
तिनं लिहिलेलं. टोपीवाली अक्षरं सडून चौकोन झालेली,
तरी वाचता येतं:

क्लेबेर. दोन रेआल बाकी. मागू नये, आणून देतो.

जुसारा. मधली खुर्ची. उजव्या कानानं ऐकत नाही.

एवांद्रोची आई आली तर तो इथे नाही.
(ती आली होती. तो फ्रीजमागे होता. आम्ही सगळे
टीव्हीकडे बघत होतो, इतके शहाण्यासारखे
की तिथेच ती ओळखली असणार.)

अकरावा: नाव सांगत नाही. बिस्किटं.

आणि सातवा.
आदाउतो. घरची वीज तोडलीय. तास मोजू नये.

मला वाटायचं कोपऱ्यातलं घड्याळ मंद आहे.
इतकी वर्षं वाटत आलं.
धावत जाऊन तीच खुर्ची धरायचो,
घड्याळाचं गुपित कुणाला, अगदी क्लेबेरलासुद्धा,
सांगितलं नाही.

तुंबा गार झाला.

गेमला यातलं काही लागत नाही.
त्याला नाणी लागतात, नकाशा, जीव दोन;
कुणी कुणाला बसू दिलं
याच्याशी त्याचं देणंघेणं नाही.
प्रत काढली. प्रतीचं डोकं उडवलं.
धड खरंच चाललं:
पाणी हललं, दिवा फिरला,
नावाडी तिथेच, तुटक्या वल्ह्यावर हनुवटी टेकून.
कोपऱ्यात बारीक आकडे: एकेचाळीस तास.

मी भरलेले आठवतात ते नऊ.

त्याला तसाच ठेवून मूळ फाइलकडे परतलो.
सातव्या शेऱ्यात तिच्या ओळीनंतर जागा पुष्कळ होती.
इथे जपून लिहावं लागतं:
मध्ये घुसवायचं नाही, रिकाम्यावरच उमटवायचं,
एक बाइट जरी पुढे सरकला
तर मागची पंधराही पोरं जागेवरून हलतील,
जुसारा, बिस्किटवाला, सगळी.
एकेक शून्य खोडत,
नखातलं काळं कळफलकावर उतरवत
मी लिहिलं:

बत्तीस बाकी.